मेलेल्या सैनिकाला उचलून दुसरीकडे ठेवलं आणि फोटो काढला, मग तो फोटो खोटा का?

पानगळ
गेटिसबर्गचा तो फोटो बहुतेकांनी कुठेतरी पाहिलेला असेल. दोन मोठे खडक, त्यांच्यामध्ये दगड रचून केलेली भिंत, भिंतीच्या आड एक तरुण सैनिक पडलाय, डोकं पिशवीवर टेकलेलं, चेहरा आपल्याकडे वळलेला आणि बंदूक भिंतीला उभी टेकवून ठेवलेली. अमेरिकन यादवी युद्ध (उत्तरेची राज्यं विरुद्ध फुटून निघालेली दक्षिणेची), जुलै १८६३, फोटोग्राफर अलेक्झांडर गार्डनर, फोटोचं नाव 'होम ऑफ अ रिबेल शार्पशूटर', म्हणजे बंडखोर नेमबाजाचं घर.

गार्डनर, टिमथी ओ'सलिव्हन आणि जेम्स गिब्सन हे तिघं ५ जुलैच्या सुमारास तिथं पोचले. लढाई ३ तारखेला संपलेली, प्रेतं पुरायचं काम जोरात चाललेलं. डेव्हिल्स डेन नावाच्या खडकाळ भागात त्यांना हा पोरगा सापडला, तो होता खाली उतारावर. तिथं त्यांनी वेगवेगळ्या कोनांतून त्याचे फोटो काढले, आणि मग त्याला उचलून वर त्या भिंतीपाशी नेऊन ठेवला. विल्यम फ्रासानिटो या संशोधकानं १९७० च्या दशकात सगळे फोटो शेजारी शेजारी मांडून, प्रत्यक्ष जागेवर जाऊन खडक न खडक जुळवून हे दाखवलं.

माझं मत असं की पोरगा खरा, त्याचं मरण खरं, युद्ध खरं, मग वीस-पंचवीस पावलं हलवला काय आणि पन्नास हलवला काय, फोटो खोटा होत नाही. तुम्हाला काय वाटतं? आणि दुसरा प्रश्न, तुम्ही तिथं असता तर मुळात कॅमेरा लावला असता का?

गवती
वाचनखूण साठवली. पहिल्या प्रश्नाला उत्तर: हो, खोटा. दुसऱ्याला: लावला असता.

नकाशेवाला
पानगळ, तुमची मांडणी अर्धीच पटते. प्रेत हलवलं यापेक्षा त्या फोटोखाली गार्डनरनं जे लिहिलं ते मला जास्त खुपतं. १८६६ मध्ये त्यानं युद्धाच्या फोटोंचा दोन खंडांचा संग्रह काढला, प्रत्येक फोटोसमोर पानभर मजकूर. या पोराबद्दल त्यानं अख्खी गोष्ट रचली, की हा नेमबाज होता, जखमी होऊन इथं पडला, शेवटच्या घटका मोजताना घरच्यांची आठवण काढली असेल वगैरे. पुढे म्हणतो की नोव्हेंबर १८६३ मध्ये, म्हणजे लिंकनचं ते प्रसिद्ध भाषण झालं त्या वेळी, मी परत तिथं गेलो तर सांगाडा तसाच पडलेला आणि गंजलेली बंदूक तशीच भिंतीला टेकलेली. चार महिने! ज्या रणांगणावर लोक आठवण म्हणून गोळ्या वेचत फिरत होते तिथं अख्खी बंदूक कुणी उचलली नाही? शिवाय ती बंदूक पायदळाची साधी रायफल, नेमबाजांकडे असायची तसली नव्हेच. पोरगाही पायदळातला साधा शिपाई असण्याचीच शक्यता जास्त.

त्याच संग्रहात लागोपाठ दोन फोटो आहेत, 'अ हार्वेस्ट ऑफ डेथ' आणि 'फील्ड व्हेअर जनरल रेनॉल्ड्स फेल', दोन्ही ओ'सलिव्हनचे. एकाखालचा मजकूर सांगतो हे बंडखोर दक्षिणेचे मेलेले, दुसऱ्याखालचा सांगतो हे उत्तरेचे शूर. आणि नीट बघितलं तर दोन्ही फोटोंत तीच माणसं आहेत, फक्त कॅमेरा समोरच्या बाजूला नेलेला! एका बाजूनं बघितली की चेहऱ्यावर बंडाची शिक्षा दिसते, दुसरीकडून बघितली की शांत हुतात्मे. संताप येतो वाचताना.

आणि याच माणसानं त्या संग्रहाच्या सुरुवातीला लिहून ठेवलंय की शब्दांतलं वर्णन बरोबर असेल नसेल, पण फोटोवर पुढच्या पिढ्या निःशंक विश्वास ठेवतील. म्हणजे आपल्या हातात काय आहे हे त्याला पक्कं माहीत होतं.

चक्रम_चतुर
धाग्याचं नाव वाचून आत आलो आणि आता बाहेर पडवत नाही. लिहा लोकहो, वाचतोय.

ओलीकाच
मी हौस म्हणून वेट प्लेट करतो, म्हणजे हीच तेव्हाची पद्धत, १८५१ मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चरनं प्रसिद्ध केलेली. ती कशी चालते हे कळलं की या फोटोंकडे बघायची नजर बदलते म्हणून जरा सविस्तर लिहितो.

काच घासून लखलखीत करायची, तिच्यावर कोलोडियन ओतायचं, काच तिरकी करत चारही कोपऱ्यांपर्यंत फिरवायचं आणि उरलेलं बाटलीत परत. (कोलोडियन म्हणजे अॅसिडमधून काढलेला कापूस इथर आणि अल्कोहोलमध्ये विरघळवलेला. तेव्हाचे डॉक्टर हेच कोलोडियन जखमेवर पापुद्रा धरावा म्हणून लावायचे.) मग अंधारात ती काच सिल्व्हर नायट्रेटच्या बाथमध्ये दोन-तीन मिनिटं, तिथून लाकडी होल्डरमध्ये, होल्डर घेऊन कॅमेऱ्याकडे पळायचं, झाकण काढून काही सेकंद एक्स्पोजर, आणि परत पळत डार्करूम. हे सगळं काच ओली आहे तोवरच, म्हणजे साधारण दहा मिनिटांत. जुलैच्या उन्हात त्याहूनही कमी, कारण इथर उडून जातं. डार्करूम म्हणजे घोडागाडी, आत कोंडलेला इथरचा वास, बाहेर चार दिवसांच्या प्रेतांचा. धूळ बसली, माशी चिकटली की काच वाया.

यातून दोन गोष्टी निघतात. एक म्हणजे या पद्धतीत लढाईचा फोटो काढताच यायचा नाही, हलणारं सगळं पुसट होतं. मेलेला माणूस हलत नाही. तेव्हाच्या रणांगणाच्या फोटोंत लढाई नसते, लढाईनंतरचंच असतं, ते यामुळे.

दुसरी गोष्ट, ही काच निळ्या रंगाला हावरट आणि लाल रंगाला आंधळी असते. आकाश पांढरं फटक येतं, ढग दिसतच नाहीत. निळं कापड आपल्या डोळ्याला दिसतं त्यापेक्षा फिकं येतं. रक्त काळं येतं, चिखलासारखं. नकाशेवाला म्हणतायत तो एकाच प्रेताला दोन्हीकडचं ठरवायचा प्रकार खपला त्याला हेही कारण आहे, गणवेशाच्या रंगावरून बघणाऱ्याला काही ठामपणे सांगताच यायचं नाही, खालचं वाक्य जे म्हणेल ते.

आता पानगळ यांच्या मुद्द्यावर. इतकी यातायात करून एक काच मिळते, तेव्हा कुठं काय ठेवायचं हे गार्डनरनं घाईत केलेलं नाही, विचार करूनच केलंय. म्हणून मी त्याला सोडून द्यायला तयार नाही.

चक्रम_चतुर
ओलीकाच, त्या पद्धतीत सायनाइडही लागतं ना? घरचे अजून तुमच्या डार्करूमचं दार वाजवतात याचं मला कौतुक वाटतं!

ओलीकाच
फिक्सिंगला, म्हणजे चित्र काचेवर पक्कं करायला पोटॅशियम सायनाइड वापरायचे हे खरं, पण हायपो नावाच्या क्षारानंही काम होतं, मी हायपोच वापरतो. घरात लहान मुलं आहेत.

गवती
अँटिएटमबद्दल कुणीच बोललं नाही अजून. त्याच युद्धातली लढाई, गेटिसबर्गच्या आधी, १७ सप्टेंबर १८६२, एका दिवसात दोन्हीकडचे मिळून सुमारे २३ हजार ठार, जखमी, बेपत्ता. गार्डनर आणि गिब्सन दोनच दिवसांत तिथं पोचले होते. तेव्हा गार्डनर मॅथ्यू ब्रॅडी या फोटोग्राफरकडे नोकरीला, म्हणून ऑक्टोबरमध्ये ब्रॅडीच्या न्यूयॉर्कच्या गॅलरीत 'द डेड ऑफ अँटिएटम' म्हणून तिथले फोटो लागले, दारावर पाटी, आत जायला रांगा. अमेरिकन लोकांनी आपल्या रणांगणावरची प्रेतं फोटोत पाहिली ती तेव्हा पहिल्यांदा. न्यूयॉर्क टाइम्सनं लिहिलं की ब्रॅडीनं प्रेतं आणून आपल्या अंगणात आणि रस्त्यांवर मांडली नसतील, पण जवळपास तसंच काहीतरी केलंय. आणि पुढे असंही की भिंग लावून बघितलं तर मेलेल्यांचे चेहरे ओळखू येतात, एखादी बाई वाकून बघत असताना तिला त्यात नवरा, मुलगा नाहीतर भाऊ दिसला तर त्या क्षणी आपण तिथं असू नये.

हे वाचून माझ्या पोटात कालवलं होतं. पण मग लक्षात आलं की त्या फोटोंतले मेलेले जवळजवळ सगळे दक्षिणेचे आहेत. न्यूयॉर्कच्या बाईचा नवरा त्यात असणार कसा? उत्तरेचीही हजारो माणसं मेलेली, ती कुठे गेली?

तोफखाना
गवती, याचं उत्तर सोपं आहे आणि माझ्या मते या सगळ्या धाग्याचं मूळ तिथं आहे. १८ सप्टेंबरच्या रात्री दक्षिणेचा सेनापती ली आपलं सैन्य घेऊन पोटोमॅक नदीपलीकडे गेला, मैदान उत्तरेच्या ताब्यात राहिलं. ज्याच्या ताब्यात मैदान तो आधी आपली माणसं पुरतो, नावाची फळी लावून. शत्रूची नंतर, लांब चर खणून एकत्र. गार्डनर पोचला तेव्हा उघड्यावर उरलेली होती ती शत्रूची. गेटिसबर्गलाही तेच, ४ जुलैच्या रात्री ली मागे फिरला.

त्यामुळे कॅमेऱ्यासमोर मेलेला कोण येणार हे फोटोग्राफरच्या आधी पुरणाऱ्यांनी ठरवलेलं असतं. एखाद्या प्रेताला उचलून इकडून तिकडे ठेवलं यावर आपण वाद घालतोय, पण मैदानातली एक अख्खी बाजू आधीच उचलून नेलेली असते त्याचं काय?

ब्रॅडी स्वतः गेटिसबर्गला आठवड्याभरानं उशिरा पोचला, पुरणं आटोपलेलं. त्याच्या फोटोंत टेकड्या, शेतं, तीन दक्षिणी कैदी. मेलेला माणूस नाही.

उत्तरा_के
तोफखाना यांच्या मुद्द्याला धरूनच, अमेरिकेच्याही आधीचं एक उदाहरण आहे आणि ते लखनौचं आहे.

फेलिचे बिआटो नावाचा फोटोग्राफर १८५८ च्या वसंतात लखनौला आला. लखनौच्या सिकंदर बागेवर इंग्रजांचा सेनापती कॉलिन कॅम्पबेलच्या फौजेनं हल्ला केला होता तो १६ नोव्हेंबर १८५७ ला, आत साधारण दोन हजार बंडवाले हिंदी शिपाई मारले गेले. बिआटोच्या फोटोत मागे गोळ्यांनी फोडलेली खांबांची इमारत आहे आणि पुढच्या अंगणात कवट्या, बरगड्या, हाडं विखुरलेली आहेत. हल्ल्याला तोवर चार-पाच महिने होऊन गेलेले. ही हाडं तशीच्या तशी अंगणात पडून राहिली नव्हती. तिथल्या एका इंग्रज अधिकाऱ्यानं पुढे आठवणींत लिहिलंय की प्रेतं व्यवस्थित झाकून टाकलेली होती पण फोटोग्राफरनं हट्ट धरून ती परत उघडी करायला लावली.

पुरलेली माणसं उकरून फोटोसाठी अंगणात मांडली. आणि कुणाची? आपल्या. इंग्रज मेले त्यांची कबर, क्रॉस, फुलं. यांची हाडं इंग्लंडमधल्या घरांतल्या अल्बममध्ये. फोटोत पाठीमागे काही हिंदी माणसंही उभी केलीयत, घोडा आहे. ती माणसं तिथं उभी राहून काय विचार करत असतील याचाच विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

पानगळ, तुम्ही म्हणता मरण खरं तर फोटो खरा. हा फोटो खरा म्हणाल का?

पानगळ
उत्तरा, तुमच्या प्रश्नावर खूप वेळ थांबलो. तरी मी म्हणेन की त्या फोटोतून दोन हजार माणसं मारली गेली हे जगाला दिसलं, एरवी ते कागदावरचा आकडा होऊन राहिलं असतं. पण तो फोटो कौर्याचा पुरावा म्हणून काढलेला नाही, विजयाची शान म्हणून काढलाय, हे मान्य. काढणाऱ्याचा हेतू आणि आज आपण त्याचा करतो तो उपयोग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत एवढंच माझं म्हणणं.

उत्तरा_के
वेगळ्या आहेत, पण हाडं त्याच्या हेतूप्रमाणे मांडलेली आहेत, आपल्या उपयोगाप्रमाणे नाहीत. बिआटोनंच १८६० च्या ऑगस्टमध्ये चीनच्या ताकू किल्ल्यात मेलेल्या चिनी सैनिकांचे फोटो काढले, आणि तिथल्या एका डॉक्टरनं नोंदवलंय की एके ठिकाणी पडलेली प्रेतं पाहून हा 'सुंदर' म्हणाला आणि माझा फोटो होईपर्यंत हात लावू नका म्हणून विनवत होता. गार्डनरच्या कामात मला निदान त्या पोराबद्दल काहीतरी वाटल्याचं दिसतं. इथं ते नाही.

शून्यप्रहर
बरीच वर्षं वर्तमानपत्राच्या डेस्कवर रात्रपाळी केली, त्यामुळे हा वाद माझ्यासाठी जुन्या काळापुरता नाही. रात्री एजन्सीचे फोटो यायचे, दूरच्या देशातल्या लढाईचे असले तर पान एकवर घ्यायला फारशी चर्चा व्हायची नाही, आपल्याकडच्या माणसाचं प्रेत असलं की लगेच चेहरा नको, घरच्यांचा विचार करा, आत घ्या, लहान करा. ती काळजी योग्यच आहे. पण दूरच्यालाही घर असतं हे मी बोललो की सगळे मान डोलवायचे आणि पान तसंच जायचं.

लाइफ मासिकानं मेलेल्या अमेरिकन सैनिकांचा फोटो छापला २० सप्टेंबर १९४३ ला. जॉर्ज स्ट्रॉकनं काढलेला, न्यू गिनीतल्या बुना किनाऱ्यावर वाळूत पडलेले तिघं, चेहरे दिसत नाहीत. कितीतरी महिने सेन्सॉरनं दाबून ठेवलेला. तोवर जपानी प्रेतांचे फोटो छापून आलेले होतेच. लोकांना युद्ध सोपं वाटायला लागलंय या काळजीनं सरकारनं शेवटी परवानगी दिली. म्हणजे दाबलाही सरकारनं आणि सोडलाही सरकारनंच.

उलट बाजू १९९१ ची. आखाती युद्ध संपता संपता केनेथ जॅरेकीनं जळालेल्या ट्रकच्या काचेतून बाहेर यायला धडपडत असतानाच कोळसा झालेल्या एका इराकी सैनिकाचा फोटो काढला. न्यूयॉर्कमधल्या एपी या वृत्तसंस्थेच्या संपादकांनी तो पेपरांना जाणाऱ्या वायरवरून काढून टाकला, अमेरिकन पेपरांपर्यंत तो तेव्हा गेलाच नाही. ब्रिटनच्या ऑब्झर्व्हरनं छापला. त्या फोटोत काहीही हलवलेलं नाही, मांडलेलं नाही, आणि तोच लोकांना दिसू दिला नाही. म्हणून मला 'हलवला की नाही' हा प्रश्न दुय्यम वाटतो. दिसू दिला की नाही हा पहिला.

तोफखाना
+१. शून्यप्रहर यांनी नेमकं लिहिलंय.

नकाशेवाला
असहमत. दिसू देणं महत्त्वाचं, पण हलवलेला एक फोटो पकडला गेला की न हलवलेल्या शंभरांवर संशय घ्यायला लोकांना आयतं कारण मिळतं. आज एखाद्या कत्तलीचा फोटो आला की पहिली ओरड 'हे रचलेलं आहे' अशीच होते. ज्यांनी मारलं त्यांना हे फार सोयीचं पडतं.

इंदूआत्या
मुलांनो, मी सैनिकाच्या घरातली आहे. वडील युद्धावर गेले आणि परत आले, शेजारच्या घरातले आले नाहीत. तुमची सगळ्यांची मतं वाचली. मला एक सांगावंसं वाटतं.

गेटिसबर्गलाच एक सैनिक मेलेला सापडला होता, अंगावर नाव कळेल असं काही नाही, हातात फक्त तीन लहान मुलांचा काचेवरचा फोटो. तेव्हा वर्तमानपत्रात फोटो छापायची सोय नव्हती, लाकडावर कोरून चित्र छापायचे तेवढंच. म्हणून त्या फोटोचं शब्दांत वर्णन छापलं, मुलं किती वयाची, कुणाच्या अंगात कसलं कापड, कोण कसं बसलंय, आणि विचारलं की हा कुणाचा बाप? ऑक्टोबर १८६३ मध्ये फिलाडेल्फियाच्या पेपरात आलं, तिथून दुसऱ्या पेपरांनी घेतलं. न्यूयॉर्क राज्यातल्या पोर्टव्हिल गावात एका बाईनं ते वाचलं, तिनं तसाच फोटो नवऱ्याला पाठवलेला होता. तेव्हा कळलं की तो सार्जंट एमॉस ह्युमिस्टन, १५४ वी न्यूयॉर्क रेजिमेंट. तोवर तिला नवरा जिवंत आहे की नाही हेही ठाऊक नव्हतं.

फोटो त्या घराच्या उपयोगी पडला तो असा. गार्डनरच्या त्या पोराला मात्र इतकं जग बघतंय, दीडशेहून जास्त वर्षं, आणि त्याचं नाव अजून नक्की कुणाला सांगता आलेलं नाही. तुम्ही फोटो खरा का खोटा ते ठरवा. मला त्याच्या आईचं वाटतं.

गवती
आत्या, _/\_

ओलीकाच
आत्या, ह्युमिस्टनची गोष्ट मला माहीत नव्हती, खूप आभार. बायको अशी ओळखू शकली कारण तो फोटो घरातला होता, रणांगणातला नव्हे, हे लक्षात राहील.

तोफखाना
आत्यांच्या प्रतिसादानंतर मला एक फोटो इथं आणलाच पाहिजे. कोल्ड हार्बर, व्हर्जिनिया. लढाई जून १८६४ ची, फोटो एप्रिल १८६५ चा, जॉन रीकीनं काढलेला. जवळजवळ वर्षभर हाडं उघड्यावर, अर्धवट पुरलेली. पुढे एक स्ट्रेचर, त्याच्यावर कवट्या आणि एक बूट घातलेला पाय, शेजारी एक काळा माणूस सरळ कॅमेऱ्याकडे बघत बसलाय, मागे आणखी चौघं फावड्यांनी खणतायत. मेलेले गोरे, गोळा करणारे काळे, नुकतेच गुलामीतून सुटलेले किंवा सुटत असलेले. गार्डनरच्या संग्रहात हाही आहे आणि खालच्या मजकुरात त्या पाच माणसांबद्दल जवळजवळ काहीच नाही. बहुतेक सगळं मेलेल्यांवर आणि आसपासच्या लोकांनी त्यांना पुरलं नाही यावर.

कॅमेऱ्याकडे बघणाऱ्या त्या माणसाची नजर मला गार्डनरच्या सगळ्या गोष्टींपेक्षा मोठी वाटते.

गवती
हा फोटो आत्ताच शोधून पाहिला. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या साइटवर मोठ्या आकारात मिळतो, झूम करून बघा सगळ्यांनी.

याच्या अगदी उलट म्हणजे इंग्रज फोटोग्राफर रॉजर फेंटन, क्रिमियाचं युद्ध, १८५५. साडेतीनशेहून जास्त काचा केल्या आणि एकात मेलेला माणूस नाही. त्याचा सगळ्यात गाजलेला फोटो म्हणजे रिकामी दरी आणि तोफगोळे. आणि त्यातही दोन काचा, एकात रस्ता मोकळा, दुसऱ्यात रस्त्यावर गोळे! आधी कुठली यावर इतकी भांडणं झाली की शेवटी दोन्ही फोटोंत उतारावरचे छोटे दगड कसे घसरले ते बघून ठरवलं गेलं, मोकळा रस्ता आधी. तरी मला तो रिकामा फोटो पटतो. प्रेत न दाखवता भीती दाखवता येते.

उत्तरा_के
गवती, फेंटन राजघराण्याच्या आशीर्वादानं आणि प्रकाशकाच्या पैशानं गेला होता. सैनिक थंडीनं, रोगानं मरत होते आणि हा अधिकाऱ्यांचे तंबूपुढचे फोटो काढत होता. रिकामी दरी सुंदर आहे म्हणूनच मला तिची धास्ती वाटते.

पानगळ
सगळ्यांचं वाचून माझं मत थोडं सरकलंय. नकाशेवाला, मजकुराबद्दल तुमचं पूर्ण मान्य. पण मग मला सांगा, तोच फोटो आज तुम्ही प्रदर्शनात लावलात तर खाली काय लिहाल? काढून टाका असं तर तुम्हीही म्हणत नाही.

नकाशेवाला
नाही, काढू नका. मी लिहीन: "गेटिसबर्ग, जुलै १८६३. दक्षिणेच्या फौजेतला सैनिक, नाव माहीत नाही. फोटोग्राफरनी खालच्या उतारावरून उचलून इथे आणला. बंदूक त्यांनी ठेवलेली." आणि शेजारी उतारावरचे आधीचे फोटोही लावीन, त्याच आकाराचे.

शून्यप्रहर
हे मी छापलं असतं.

तोफखाना
छान. फक्त एक वाढवा, की त्याच मैदानावर उत्तरेचेही तीन हजारांच्यावर मेले आणि ते इथं का दिसत नाहीत.

उत्तरा_के
सिकंदर बागेच्या फोटोखालीही असंच लिहायला हवं. मी मसुदा करते आणि इथंच टाकते. हाडं उकरल्याचा उल्लेख पहिल्या ओळीत असेल, तळटीपेत नाही. आणि मागे उभ्या केलेल्या माणसांसाठी वेगळं वाक्य. ओलीकाच, त्या फोटोत ते लोक इतके स्थिर आलेत म्हणजे त्यांना किती वेळ उभं केलं असेल, अंदाज देऊ शकाल का?

ओलीकाच
एवढी इमारत लांबून घ्यायची, भरपूर ऊन, लेन्सचं तोंड बारीक केलेलं, तर काही सेकंद तरी नक्की. पण त्याआधी जागा ठरवणं, फोकस करणं, काच तयार होऊन येईपर्यंत 'तिथंच थांबा' म्हणून सांगणं, हे सगळं धरलं तर त्या हाडांमध्ये ती माणसं चांगली पंधरा-वीस मिनिटं उभी असणार. मसुद्यात हे घालणार असाल तर अंदाज म्हणूनच घाला.

उत्तरा_के
अंदाज म्हणूनच घालते. पण घालते.